‘अपौरुषेय’ म्हणजे ‘देवाने रचलेले’ नव्हे

वेदांविषयीचा एक मजकूर मराठीत सतत पुढे पाठवला जातो. शब्द थोडे इकडेतिकडे होतात, गाभा तोच राहतो. वेद अपौरुषेय आहेत, म्हणजे ते माणसाने नव्हे तर देवाने रचले. सृष्टीच्या आरंभी देवाने ते ऋषींच्या कानात सांगितले म्हणून त्यांना श्रुती म्हणतात. ऋषींनी ते फक्त लिहून घेतले. तेव्हापासून त्यात एक अक्षरही बदललेले नाही. हे घडले १ अब्ज ९६ कोटी वर्षांपूर्वी. आणि देवाचेच शब्द असल्यामुळे त्यातले प्रत्येक विधान विज्ञानाच्या कसोटीला उतरते. काही ठिकाणी गीता आणि पुराणेही याच यादीत घातलेली असतात.

हा मजकूर आदरापोटीच पाठवला जातो. पण ‘अपौरुषेय’ हा सिद्धांत ज्यांनी उभा केला आणि शतकानुशतके वादात सांभाळला, त्या मीमांसकांना (वेदवाक्यांचा अर्थ लावण्याचे शास्त्र, म्हणजे मीमांसा, मांडणाऱ्यांना) यातले जवळजवळ एकही वाक्य मान्य झाले नसते. त्यांनी ज्या मताशी आयुष्यभर भांडण केले, नेमके तेच मत हा मजकूर त्यांच्या शब्दाच्या नावाखाली सांगतो. म्हणून एकेक दावा घेऊ.

दावा: अपौरुषेय म्हणजे देवाने रचलेले

आधी शब्द पाहू. पाणिनीच्या ५.१.१० या सूत्रावरचे वार्तिक, म्हणजे सूत्राला जोडलेले पुरवणी वाक्य, सांगते की ‘पुरुष’ शब्दापासून ‘पौरुषेय’ हे रूप वध, विकार, समूह आणि ‘त्याने केलेले’ एवढ्या अर्थांनी होते. पौरुषेय ग्रंथ म्हणजे पुरुषाने केलेला ग्रंथ. त्याला नकार लागला की अपौरुषेय. आता प्रश्न एवढाच की इथे ‘पुरुष’ कोण. नर नव्हे, केवळ मनुष्यही नव्हे. दर्शनांच्या भाषेत पुरुष म्हणजे जाणणारा, चेतन असा कोणीही. योगसूत्रांत तर ईश्वराची व्याख्याच ‘पुरुषविशेष’ अशी आहे (१.२४). म्हणजे देवाने रचलेला ग्रंथ हा शब्दाच्या सरळ अर्थानेच पौरुषेय ठरतो. ‘देवाने रचले म्हणून अपौरुषेय’ हे वाक्य स्वतःचेच खंडन करते.

लौगाक्षी भास्कर यांचा ‘अर्थसंग्रह’ हा मीमांसेचा प्रवेशग्रंथ. संस्कृत घेऊन एम.ए. करणाऱ्यांच्या तो ओळखीचा असतो. त्यात वेदाची व्याख्या तीन शब्दांत आहे: ‘अपौरुषेयं वाक्यं वेदः’. ज्याला कर्ता नाही असे वाक्य. ईश्वराचा उल्लेख त्या व्याख्येत नाही, आणि तो राहून गेलेला नाही. मुद्दामच घेतलेला नाही.

का, ते सातव्या शतकातल्या कुमारिल भट्टांनी ‘श्लोकवार्तिका’त मांडले. शब्दात दोष येतो तो बोलणाऱ्याकडून. बोलणारा चुकीचे समजून बसलेला असतो (भ्रम), त्याचे लक्ष नसते (प्रमाद), त्याला फसवायचे असते (विप्रलिप्सा), किंवा त्याचे कान-डोळे-जीभ धड नसतात (करणापाटव); दोषांची ही यादी पुढच्या ग्रंथांत अशी चौपदरी ठरून गेली. शब्द निर्दोष ठरवायचा तर दोनच वाटा उरतात. बोलणारा सर्वगुणसंपन्न आहे असे दाखवा, नाहीतर बोलणारा नाहीच असे दाखवा. कुमारिलांनी दुसरी वाट धरली: ‘यद्वा वक्तुरभावेन न स्युर्दोषा निराश्रयाः’, वक्ताच नसेल तर दोषांना बसायला जागाच नाही.

पहिली वाट त्यांनी का सोडली? कारण ती वाट बौद्धांची आणि जैनांचीही होती. बुद्ध सर्वज्ञ होते म्हणून त्यांचे वचन प्रमाण, असे बौद्ध म्हणतात. जैन तेच महावीरांबद्दल म्हणतात. वैदिकाने ‘आमचा ईश्वर सर्वज्ञ’ म्हटले तर तो त्यांच्याच रांगेत उभा राहतो आणि कोणाचा सर्वज्ञ खरा हे ठरवायला कुणाकडेच साधन उरत नाही. शिवाय ईश्वर आहे हे आधी सिद्ध करावे लागते. कुमारिलांनी त्याच ग्रंथात सृष्टिकर्त्या ईश्वराविरुद्ध स्वच्छ युक्तिवाद केला आहे: सृष्टीपूर्वी कोणी जीवच नसताना दया कोणावर, आणि दयेनेच सृष्टी केली तर तीत एवढे दुःख का. वेदाला पराकोटीचे मानणाऱ्या या माणसाने वेदाच्या प्रामाण्यासाठी ईश्वराचा टेकू घेतला नाही. हे लक्षात आले नाही तर ‘अपौरुषेय’ शब्दाची सगळी धार जाते.

‘ईश्वराने वेद रचले’ हे मत कोणाचे होते? नैयायिकांचे, म्हणजे न्याय या तर्कप्रधान दर्शनाच्या अनुयायांचे. न्यायसूत्रांनी वेदाचे प्रामाण्य आप्ताच्या, म्हणजे विश्वासार्ह माणसाच्या प्रामाण्यावर बसवले आणि उदाहरण आयुर्वेदाचे दिले: औषध लागू पडते म्हणून सांगणाऱ्यावर विश्वास ठेवतो, तसे. पुढे उदयनाचार्यांनी ‘न्यायकुसुमांजली’त ईश्वराच्या अस्तित्वाचा एक पुरावा म्हणूनच वेद पुढे केला: असा ग्रंथ आहे, तेव्हा त्याचा कर्ता असलाच पाहिजे. नैयायिक हे प्रामाणिकपणे ‘वेद पौरुषेय आहेत’ असेच म्हणत. फिरणाऱ्या मजकुराने नैयायिकांचे मत उचलले आणि त्यावर मीमांसकांची पाटी लावली.

वेदान्त्यांची, म्हणजे उपनिषदांवर आधारलेल्या दर्शनाची, स्थिती मधली आहे आणि तिथेच बहुतेकांचा गोंधळ होतो. त्यांना ईश्वर मान्य आहे, वेद त्याच्यापासून आले हेही मान्य आहे; ब्रह्मसूत्रांत ‘शास्त्रयोनित्वात्’ (शास्त्राचे मूळ तेच असल्यामुळे) असे सूत्रच आहे. पण ‘आले’ म्हणजे कसे? बृहदारण्यक उपनिषद म्हणते, ऋग्वेद, यजुर्वेद, सामवेद हे त्या महान भूताचे निःश्वसित आहे, श्वास आहे (२.४.१०). श्वास कोणी विचार करून सोडत नाही. शंकराचार्यांनी तेवढाच धागा पकडला: प्रयत्नावाचून, सहज. सतराव्या शतकातल्या ‘वेदान्तपरिभाषे’ने तर पौरुषेयत्वाची काटेकोर व्याख्या केली. ज्याचा उच्चार आधीच्या तशाच उच्चाराच्या आधाराशिवाय होतो, ते पौरुषेय. महाभारत व्यासांनी पहिल्यांदा उच्चारले, म्हणून ते पौरुषेय. ईश्वर मात्र प्रत्येक कल्पाच्या, म्हणजे सृष्टीच्या प्रत्येक फेऱ्याच्या, आरंभी मागच्या कल्पातलाच वेद, त्याच शब्दक्रमाने पुन्हा उच्चारतो. त्यात एक शब्द आपल्या मनाने घालत नाही. या मतात ईश्वर वेदाचा पहिला पाठक आहे, ग्रंथकार नाही.

हा भेद किती खोल गेला होता ते व्याकरणाच्या एका प्रश्नावरून दिसते. ‘स्वर्गकामो यजेत’, स्वर्ग हवा असलेल्याने याग करावा. यातल्या ‘यजेत’ मध्ये ‘करावा’ ही प्रेरणा कोणाची? घरातले वडीलधारे ‘गाय आण’ म्हणतात तेव्हा आपण ते ऐकून उठतो, कारण त्यांची इच्छा आपल्याला कळते. प्रेरणा बोलणाऱ्याच्या मनात असते. वेदात बोलणाराच नाही, मग प्रेरणा राहणार कुठे? मीमांसकांनी उत्तर दिले की ती विध्यर्थाच्या प्रत्ययातच राहते, आणि तिला ‘शाब्दी भावना’ असे नाव दिले. आज्ञा आहे, आज्ञा करणारा नाही. मागे देव उभा असता तर ‘ही देवाची इच्छा’ एवढे म्हणून काम भागले असते आणि या सिद्धांताची गरजच पडली नसती. जगातल्या इतर धर्मग्रंथांच्या विचारात याला जोड सापडणे कठीण आहे. कुराणाच्या बाबतीत पाठवणारा, आणणारा आणि ज्याच्यावर ते उतरले तो, असे तिघे स्पष्ट आहेत. कुराण अनिर्मित आहे असे मानणारेही ते अल्लाचे वचनच मानतात. तिथे वक्ता आहे. म्हणून ‘प्रकट झालेला ग्रंथ’ या एका खोक्यात दोन्ही टाकले की दोघांवरही अन्याय होतो.

मग ‘देवाने ऋषींना दिले’ ही मांडणी आजच्या मजकुरात कुठून आली? ती बरीचशी आर्य समाजाच्या मांडणीशी जुळते. आर्य समाजाची स्थापना १८७५ साली मुंबईत झाली. स्वामी दयानंदांनी अग्नी, वायू, आदित्य आणि अंगिरा या चार ऋषींच्या अंतःकरणात ईश्वराने चार वेद प्रकट केले, असे मांडले आणि आधारासाठी शतपथ ब्राह्मण व मनुस्मृतीकडे बोट दाखवले. हे एक गंभीर आणि सुसंगत मत आहे. ते दयानंदांचे मत म्हणून जरूर सांगावे. पण मूर्तिपूजा नाकारणाऱ्या दयानंदांचे मत नाव न घेता ‘सनातन परंपरेचे एकमुखी मत’ म्हणून फिरवणे बरोबर नाही.

दावा: देवाकडून ऐकले म्हणून श्रुती

ऐकले हे खरे. कोणाकडून, ते चुकले. सांख्यकारिकेत वेदमार्गाला ‘आनुश्रविक’ म्हटले आहे. त्यावर वाचस्पति मिश्रांचे स्पष्टीकरण असे: गुरू म्हणतो त्यामागून ऐकले जाते म्हणून ‘अनुश्रव’, ते फक्त ऐकलेच जाते, कोणाकडूनही केले जात नाही. शिकवणारा गुरू, त्याचा गुरू, त्याचा गुरू. कुमारिल तर याच साखळीला प्रमाण करतात: आज वेदाचे अध्ययन गुरूकडूनच होते, तसे प्रत्येक काळी होत आले असणार, म्हणजे साखळीला पहिली कडी नाही. तिथे ‘देव’ ही पहिली कडी बसवली की युक्तिवादच कोसळतो.

ऋषींसाठी परंपरेने जे क्रियापद वापरले ते ऐकण्याचे नाहीच, पाहण्याचे आहे. यास्क निरुक्तात, म्हणजे वेदातल्या शब्दांच्या व्युत्पत्तीच्या ग्रंथात, म्हणतात, ‘ऋषिर्दर्शनात्’, पाहिले म्हणून ऋषी. पाणिनीने तर तीन वेगळ्या गोष्टींना तीन वेगळी सूत्रे दिली: पाहिलेले साम (४.२.७), एखाद्याने सांगितलेले, शिकवलेले (४.३.१०१) आणि एखाद्याने केलेला ग्रंथ (४.३.११६). वसिष्ठांनी पाहिले ते वासिष्ठ साम. वररुचीने केले ते वाररुच श्लोक. आणि ‘काठक’ हे नाव मधल्या गटातले: कठाने शिकवलेले. मीमांसासूत्रांचे कर्ते जैमिनी यांनी याच व्याकरणाचा आधार घेऊन विरोधकांना उत्तर दिले आहे. विरोधक म्हणाले, काठक, पैप्पलादक अशी माणसांची नावे शाखांना आहेत, म्हणजे कर्ते माणसेच. जैमिनींचे उत्तर दोन शब्दांचे: ‘आख्या प्रवचनात्’ (१.१.३०), नाव पडले ते शिकवण्यावरून.

दावा: ऋषींनी फक्त लिहून घेतले

‘लिहून’ हा शब्द तर लगेच काढून टाकावा. पाणिनीय शिक्षेत सहा अधम पाठकांची यादी आहे: गात म्हणणारा, घाईने म्हणणारा, डोके हलवणारा, लिहिलेले पाहून म्हणणारा, अर्थ न जाणणारा आणि दबक्या आवाजाचा. पोथी समोर ठेवून वेद म्हणणे हा जिथे दोष गणला गेला, तिथे ऋषींच्या हातात लेखणी देण्यात काही अर्थ नाही.

‘फक्त’ हा शब्दही टिकत नाही. ऋग्वेदातच ऋषी ‘आम्ही केले’ असे सांगतात. दहाव्या मंडलातले ३९ वे सूक्त अश्विनांचे आहे आणि त्याची ऋषिका घोषा काक्षीवती. शेवटच्या ऋचेत ती म्हणते: ‘एतं वां स्तोममश्विनावकर्मातक्षाम भृगवो न रथम्’. अश्विनांनो, हे स्तोत्र आम्ही तुमच्यासाठी केले, भृगू रथ घडवतात तसे घडवले. यातला ‘तक्ष्’ हा धातू सुताराच्या कामाचा आहे. नवव्या मंडलात ‘मन्त्रकृत्’, मंत्र करणारे, असा सरळ शब्द आहे (९.११४.२).

कात्यायनांच्या सर्वानुक्रमणीत (ऋग्वेदाच्या सूक्तांचे ऋषी, देवता आणि छंद सांगणाऱ्या यादीत) ऋषीची व्याख्याही अशीच निखळ आहे: ‘यस्य वाक्यं स ऋषिः’, ज्याचे वाक्य तो ऋषी. ही व्याख्या किती सरळपणे वापरली गेली ते १०.१०८ मध्ये पाहावे. इंद्राची दूती सरमा गाई शोधत पणींकडे जाते, आणि गाई लपवून बसलेल्या पणींशी तिचा संवाद होतो. अनुक्रमणीप्रमाणे सरमेच्या ऋचांची ऋषिका सरमा आणि पणींच्या ऋचांचे ऋषी पणी. ‘देवाने ज्याच्या कानात सांगितले तो ऋषी’ ही व्याख्या इथे लावून पाहिली की ती कुठेच बसत नाही.

मीमांसकांना या ऋचा ठाऊक नव्हत्या असे नाही. वेदात ऐतिहासिक माणसे दिसतात हा आक्षेप जैमिनींनी स्वतःच मांडला आहे. जैमिनींच्या सूत्रांचे भाष्यकार शबरस्वामी उदाहरण घेतात ‘बबरः प्रावाहणिः’, प्रवाहणाचा मुलगा बबर. आक्षेप असा की प्रवाहण नावाचा माणूस होऊन गेल्यावरच हे वाक्य येऊ शकते. शबरांचे उत्तर: असा कोणी प्रवाहण माहीत नाही, जोराने वाहून नेतो तो प्रवाहण, म्हणजे वारा, आणि ‘बबर’ हा त्याचा आवाज. हे उत्तर ओढूनताणून आणलेले वाटते, हे म्हणायला हरकत नाही. पण ते उत्तर आहे, आक्षेप समोर ठेवून दिलेले. फिरणाऱ्या मजकुरात आक्षेपच गायब आहेत.

दावा: एक अक्षरही बदललेले नाही

या दाव्यात एक खरी आणि फार मोठी गोष्ट दडलेली आहे, म्हणून ती नीट सांगायला हवी.

ऋग्वेदाची संहिता ज्या तंतोतंतपणे टिकली तिला जगात तोड नाही. पण ती टिकली ती माणसांच्या अपार मेहनतीने. पहिलीच ऋचा घ्या: ‘अग्निमीळे पुरोहितम्’. संहितापाठात संधी करून म्हणायचे. पदपाठात प्रत्येक पद तोडून: अग्निम् । ईळे । पुरः-हितम् । क्रमपाठात दोन-दोन पदांच्या जोड्या, मागचे पद पुढे घेत. जटापाठात जोडी सुलट, उलट, पुन्हा सुलट: ‘अग्निमीळ ईळेऽग्निमग्निमीळे’. घनपाठात एक-दोन, दोन-एक, एक-दोन-तीन, तीन-दोन-एक, एक-दोन-तीन. प्रत्येक उलटापालटीत संधी नव्याने होतो, स्वर नव्याने बसतो. कुठे एक मात्रा चुकली तर पुढच्या फेऱ्यांशी ती जुळत नाही आणि लगेच कानाला खटकते. अर्थाचा आधार मुद्दाम काढून घेतलेला असतो, म्हणजे पाठक अर्थाच्या ओघात सोपा शब्द घुसवू शकत नाही. ‘देवाचे शब्द म्हणून आपोआप टिकले’ असे म्हणताना या घनपाठी वैदिकांच्या पिढ्यान्‌पिढ्यांच्या श्रमांवर आपण पाणी सोडतो, आणि ते फार वाईट आहे. पुण्याच्या भांडारकर संस्थेतल्या ऋग्वेदाच्या ३० हस्तलिखितांना २००७ साली युनेस्कोच्या जागतिक स्मृती नोंदवहीत स्थान मिळाले. तो गौरव याच सांभाळणाऱ्यांचा आहे.

आता बदलांचे. पतंजलींनी पाणिनीच्या व्याकरणावरच्या महाभाष्याच्या आरंभी यजुर्वेदाच्या १०१, सामवेदाच्या १०००, ऋग्वेदाच्या २१ आणि अथर्ववेदाच्या ९ शाखा सांगितल्या. शाखा म्हणजे पाठभेद, क्रमभेद, कमी-जास्त मंत्र. महाराष्ट्रात हे शेजारच्या दोन घरांतही तपासता येईल. ऋग्वेदी घरातले पुरुषसूक्त १६ ऋचांचे आणि पहिल्या ऋचेत ‘स भूमिं विश्वतो वृत्वा’. शुक्ल यजुर्वेदी माध्यंदिन घरातला पुरुषाध्याय २२ मंत्रांचा आणि तिथे ‘सर्वत स्पृत्वा’. ईशोपनिषद काण्व शाखेत १८ मंत्रांचे, माध्यंदिन शाखेत १७ मंत्रांचे, आणि मंत्रांचा क्रमही निराळा. यातला कोणताही पाठ ‘बिघडलेला’ नाही; प्रत्येक शाखा आपला पाठ शुद्ध मानते आणि दुसऱ्याचाही मान राखते.

आणखी एक बारीक गोष्ट. शाकल्याने ऋग्वेदाचा पदपाठ केला, पण सहा ऋचांना पदपाठ नाही. त्यांतली एक घराघरांत म्हटली जाते: ‘त्र्यम्बकं यजामहे’ (७.५९.१२). बाकीच्या पाच दहाव्या मंडलात आहेत, त्यांत ‘ऋतं च सत्यं च’ या अघमर्षण सूक्ताच्या तीनही ऋचा येतात. शाकल्यापुढे या ऋचा संहितेचा भाग म्हणून नव्हत्या, असा निष्कर्ष बहुतेक अभ्यासक काढतात. परंपरेने त्या ऋचा ठेवल्या, आणि पदपाठ नाही ही नोंदही ठेवली. झाकाझाक केली नाही.

पतंजली तर इथे आणखी पुढे जातात. ४.३.१०१ वरच्या भाष्यात ते म्हणतात, वेद केले जात नाहीत, ते नित्य आहेत, हे खरे. पण नित्य आहे तो अर्थ, अक्षरांचा क्रम मात्र अनित्य आहे, आणि त्या क्रमाच्या भेदामुळेच काठक, कालापक अशी नावे होतात. मीमांसकांना हे मान्य नाही, त्यांना क्रमही नित्य हवा. पण इ.स.पू. दुसऱ्या शतकातल्या, वेदांगाच्या एवढ्या मोठ्या आचार्यांनी हे लिहून ठेवले असताना ‘एक अक्षरही’ हा हट्ट कशासाठी?

दावा: १ अब्ज ९६ कोटी वर्षे

याला फार शब्द नकोत. हा आकडा सृष्टीच्या वयाच्या गणितातून येतो. नित्य म्हणजे ज्याला आरंभ नाही. वय सांगितले की आरंभ सांगितला. शिवाय मीमांसक सगळ्या सृष्टीचा एकदम आरंभ आणि एकदम प्रलय मानतच नाहीत. जग असेच चालत आले, असे त्यांचे म्हणणे. वयाचा शोध हे इतिहासाचे काम आहे आणि ते वेगळ्या साधनांनी होते. टिळकांनी १८९३ च्या ‘ओरायन’मध्ये नक्षत्रांच्या उल्लेखांवरून काळ काढायचा प्रयत्न केला तो त्या प्रकारचा.

दावा: म्हणून प्रत्येक विधान वैज्ञानिक सत्य

अपौरुषेयत्वाच्या सिद्धांताने वेदाला अधिकार दिला तो एका मर्यादेत. जैमिनींच्या १.१.५ या सूत्रातच ती मर्यादा आहे: ‘अर्थेऽनुपलब्धे’, जी गोष्ट दुसऱ्या साधनाने कळत नाही तिच्याबाबत. वेदांचे भाष्यकार सायणाचार्य यांनी उद्धृत केलेला श्लोक हेच सांगतो: प्रत्यक्षाने किंवा अनुमानाने जो उपाय कळत नाही तो वेदाने कळतो, हेच वेदाचे वेदपण. अणू, प्रकाशाचा वेग, ग्रहांच्या कक्षा या गोष्टी प्रत्यक्षाच्या आणि अनुमानाच्या कक्षेतल्या आहेत. त्या वेदात शोधणे म्हणजे वेदाचे क्षेत्रच बदलणे. शंकराचार्य गीताभाष्याच्या अठराव्या अध्यायात रोखठोक लिहितात की अग्नी थंड आहे किंवा त्याला प्रकाश नाही असे शंभर श्रुतींनी सांगितले तरी ते प्रमाण होणार नाही.

मग वेदात अशी विधाने येतात त्यांचे काय करायचे? त्यासाठी अर्थवादाचे, म्हणजे विधी-निषेधाला जोर देणाऱ्या वाक्यांचे, अधिकरण (प्रकरण) आहे. तैत्तिरीय संहितेत येते: तो रडला, रडला म्हणून रुद्र, त्याचे अश्रू गळले त्याची चांदी झाली. हे खनिजशास्त्र म्हणून वाचले तर काय होईल ते सांगायला नको. मीमांसक पुढचे वाक्य वाचतात: म्हणून यज्ञात दक्षिणा म्हणून चांदी देऊ नये. अश्रूंची गोष्ट त्या निषेधाला जोर देण्यासाठी आहे. तिला स्वतःचा वेगळा अर्थ सिद्ध करायचा नाही. ‘आदित्यो यूपः’, यज्ञातला खांब हा सूर्य आहे, हे प्रत्यक्षाशी विरुद्ध, म्हणून गुणवाद: तेजस्वीपणाची तुलना. ‘अग्निर्हिमस्य भेषजम्’, अग्नी थंडीवर औषध, हे सगळ्यांना आधीच ठाऊक, म्हणून अनुवाद, म्हणजे माहीत असलेलेच पुन्हा सांगणे. प्रत्यक्षाशी विरोध आला तर शब्दशः अर्थ सोडायचा, हा नियम वेदाला सर्वोच्च मानणाऱ्यांनीच घालून दिला आहे.

दावा: गीता, पुराणेही अपौरुषेय

पुराणांबद्दलचा श्लोकच ‘अष्टादशपुराणानां कर्ता सत्यवतीसुतः’ असे म्हणून कर्त्याचे नाव सांगतो. गीता श्रीकृष्णांनी सांगितली. ब्रह्मसूत्रभाष्यात शंकराचार्य गीतेची वचने ‘स्मृती’ म्हणून देतात. यात कमीपणा काही नाही. उलट ज्ञानदेवांनी हाच भेद घेऊन गीतेला वर नेले आहे. पहिल्या अध्यायात ते म्हणतात: ‘हा वेदार्थु सागरु । जया निद्रिताचा घोरु । तो स्वयें सर्वेश्वरु । प्रत्यक्ष अनुवादला ॥’ वेद हे ज्याचे झोपेतले घोरणे, त्या सर्वेश्वराने गीता स्वतः, जागेपणी, बोलून दाखवली. उपनिषदातला ‘निःश्वसित’ ज्ञानदेवांनी ‘घोर’ करून मराठीत आणला. घोरण्यामागे हेतू नसतो, बोलण्यामागे असतो. अपौरुषेय आणि पौरुषेय यांतला फरक इतक्या थोडक्यात दुसरीकडे क्वचितच सापडेल.

तुकोबांच्या ‘आपुलिया बळें नाहीं मी बोलत’ या वचनालाही हा शब्द लावू नये. तिथे बोलविता धनी आहे, आणि तो कोण हे तुकोबा नाव घेऊन सांगतात. ती प्रासादिक वाणी. तिला स्वतःचे नाव आणि स्वतःची थोरवी आहे.

उलट बाजूचा दावा: कर्ता विसरले आणि देवाच्या नावावर घातले

वरच्या मजकुराला उत्तर म्हणून हेही फिरते. यातला दुसरा भाग चुकीचा का ते आता स्पष्ट आहे: देवाच्या नावावर घातलेच नव्हते. पहिला भाग मात्र जुना आणि वजनदार आक्षेप आहे. पडक्या विहिरीचा खोदणारा कोणाला आठवत नाही, म्हणून ती आपोआप झाली असे कोणी म्हणत नाही, मग वेदाबद्दल का? शबरांचे उत्तर असे: ज्या व्यवहारात कर्त्यावर भिस्त आहे तिथे कर्ता विसरला जात नाही. ‘म’ म्हणजे तीन गुरू हे वृत्तशास्त्रात तोच समजतो ज्याला छंदःशास्त्रकार पिंगलाचा संकेत मान्य आहे. वेदावर विसंबून लोक आयुष्यभर कष्टाची कर्मे करतात. कर्ता असता तर त्याचे नाव आधी घेतले असते.

याहून अवघड प्रश्न बौद्ध तार्किक धर्मकीर्तींनी विचारला. ‘स्वर्गकामाने अग्निहोत्र करावे’ या वाक्याचा अर्थ ‘कुत्र्याचे मांस खावे’ असा नाही, याला प्रमाण काय? बोलणारा असता तर त्याला विचारता आले असते. वक्ता काढून टाकला की दोष गेले, पण अर्थाचा साक्षीदारही गेला. हा आक्षेप मीमांसेवरचा सगळ्यात जबर आक्षेप आहे. मीमांसेच्या पदरी याचे उत्तर आधीपासून होते: वेदातले शब्द आणि लोकांच्या तोंडचे शब्द एकच आहेत, अर्थही तेच, अर्थ ठरतो तो लोकव्यवहारातून. आणि हे त्यांनी शेवटपर्यंत नेले. पिक, नेम, तामरस यांसारखे शब्द वेदात येतात पण आर्यांच्या बोलण्यात नाहीत, म्लेंच्छांच्या बोलण्यात आहेत. मग अर्थ कोणाला विचारायचा? धातू शोधून ओढाताण करण्यापेक्षा म्लेंच्छांना विचारावा, असा निर्णय मीमांसेच्या पहिल्या अध्यायाच्या तिसऱ्या पादात आहे. पिक म्हणजे कोकिळ, नेम म्हणजे अर्धे, तामरस म्हणजे कमळ.

हा मजकूर दुरुस्त करून पाठवायचा असेल तर वाक्ये अशी लिहावीत: ‘मीमांसकांच्या मते वेद अपौरुषेय आहेत, म्हणजे त्यांना मनुष्य किंवा देव असा कोणीही कर्ता नाही.’ ‘नैयायिकांच्या मते वेद ईश्वरप्रणीत, म्हणून पौरुषेय आहेत.’ ‘वेदान्त्यांच्या मते ईश्वर दर कल्पात तेच वेद पुन्हा प्रकट करतो, रचत नाही.’ ‘स्वामी दयानंदांच्या मते ईश्वराने चार ऋषींना वेद दिले.’ प्रत्येक वाक्यात ‘कोणाच्या मते’ हे दोन शब्द राहिले पाहिजेत. पुढे पाठवताना सगळ्यात आधी गळतात ते हेच.